साडेतीनाचं जुनं नाव

पुतण्याच्या लग्नात नवी सून उंबऱ्याशी येऊन थांबली आणि आत एकच धांदल उडाली. माप कुठंय? तांदूळ होते, ओवाळायचं ताट तयार होतं, माप मात्र कुणी काढून ठेवलं नव्हतं. कुणी म्हणालं, तांब्या चालेल. वहिनी ऐकेनात. त्यांनी देवघराच्या फळीवरून आबांचं मापटं शोधून आणलं. काळसर लोखंडी, काठाला जाड कडं, अंगावर ठोकलेली एक झिजलेली छाप. सुनेनं उजव्या पायानं ते अलगद लवंडलं, तांदूळ ओटीवर पसरले आणि लक्ष्मी घरात आली.

तांदूळ गोळा करायला पुतणीचा मुलगा माझ्यासोबत बसला. चौथीत आहे. मापटं हातात फिरवून म्हणाला, "आजोबा, ह्यात किती मावतं?"

"अर्धा शेर."

"शेर म्हणजे?"

"दोन मापटी."

तो माझ्याकडे बघत राहिला. मी पुढं सांगत गेलो: दोन चिपट्यांचं एक मापटं, दोन मापट्यांचा शेर, चार शेरांची पायली, बारा पायल्यांचा मण, वीस मणांची खंडी. सांगताना माझ्याच लक्षात आलं की ह्यातला एकही शब्द मला दुसऱ्या मेलेल्या शब्दाचा आधार घेतल्याशिवाय समजावता येत नाही. एक शब्द दुसऱ्याच्या खांद्यावर, दुसरा तिसऱ्याच्या, आणि सगळ्यात खाली हे काळं मापटं, ज्यात आता वर्षातून एकदा अक्षता ठेवतात. त्या रात्री मी बराच वेळ जागा होतो. ज्यांचं कुणी सुतक पाळलं नाही, अशा काही शब्दांबद्दल लिहायचं तेव्हाच ठरवलं.

आबा, आमच्या घरातले थोरले, एका आडत दुकानात दिवाणजी होते. त्यांची एक खतावणी माझ्याकडे आहे. पानं पिवळी पडली, शाई मात्र टिकली. त्यात दशांश चिन्ह शोधून सापडत नाही. आकड्याच्या उजवीकडे नुसत्या रेघा आहेत. एक उभी रेघ म्हणजे पाव, दोन म्हणजे अर्धा, तीन म्हणजे पाऊण. दीड लिहायचा तर १॥, पावणेदोन लिहायचे तर १॥।. आण्यांसाठी आडव्या बारीक रेघा, पण त्या तीनच. चौथा आणा आला की आडव्या रेघा पुसल्या जाऊन एक उभी होते, कारण चार आणे म्हणजे पाव रुपया. चाराचे चार गट, म्हणजे सोळा. आपण दहा झाले की हातचा एक घेतो. हे लोक अपूर्णांकात चार झाले की हातचा घेत. शाळेत 'आधार संख्या' म्हणून जी गोष्ट आम्हाला फार वरच्या इयत्तेत कठीण करून शिकवली, ती आबा रोज सकाळी गादीवर बसून करत होते, आणि तिला काही नाव असतं हे त्यांना ठाऊकही नव्हतं. ह्या रेघांना २००९ साली युनिकोडमध्ये जागा मिळाली. म्हणजे आज त्या फोनवर उमटू शकतात. वाचणारं मात्र घरात कुणी नाही.

आमच्या घरी दिवेलागणीला शुभंकरोती झालं की परवचा असे. वार, महिने, नक्षत्रं, तीसपर्यंत पाढे, आणि मग अपूर्णांकांचे पाढे: पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी. वडिलांच्या पिढीला ते सगळे येत. माझ्यापर्यंत येताना ते घासत गेले. पावकी-निमकी मला पाठ आहे, सवायकी अडखळत येते. औटकी मला आली ती आबांच्या आवाजातून, ओसरीवर त्यांच्या मांडीला टेकून. बे औट सात. तीन औट साडेदहा. चार औट चौदा. पाच औट साडेसतरा. तो आवाज सुपारी चघळत, किंचित नाकात यायचा, आणि 'साडेचोवीस'वर आल्यावर ते दर वेळी श्वास घेत.

औट म्हणजे साडेतीन. हा शब्द कुठून आला ते मला खूप उशिरा कळलं आणि कळलं तेव्हा अंगावर काटा आला. संस्कृतात साडेतीनाला 'अर्धचतुर्थ' म्हणत: ज्यात चौथा अर्धा आहे ते. त्याचं प्राकृतात 'अद्धुट्ठ' झालं, आणि झिजत झिजत मराठीत 'औट'. त्याच चालीनं 'अर्धतृतीय', म्हणजे तिसरा अर्धा, तो झाला अडीच. दुसरा अर्धा तो दीड. हे तिघे सख्खे भाऊ. धान्य मापणारा माणूस डोळ्यांसमोर आणा. तो पहिल्या मापाला 'एक' म्हणत नाही, 'लाभ' म्हणतो. लाभ, दोन, आणि तिसरं माप अर्ध्यावर आलं तेव्हा रास संपली. किती झालं? 'दोन आणि वर अर्धं' असं तो म्हणत नाही. त्याच्या डोळ्यांसमोर तिसरं माप आहे आणि ते अर्धं आहे. म्हणून अडीच. मोजणाऱ्याची नजर मागे भरून ठेवलेल्या मापांवर नसून हातातल्या अपुऱ्या मापावर आहे. आख्खं दृश्य शब्दात गोठलेलं आहे. जर्मन माणसं घड्याळात साडेतीन वाजले की 'अर्धे चार' म्हणतात ती हीच नजर. इतक्या दूरच्या भाषेत ती बोलती राहिली ह्याचा मला आनंद वाटतो.

आता मराठीतलं व्याकरण पाहा. आपण साडेचार म्हणतो, साडेपाच म्हणतो, पण 'साडेएक' आणि 'साडेदोन' म्हणत नाही. लहान मूल तसं म्हणालं की आपण लगेच सुधारतो: दीड म्हण, अडीच म्हण. 'सार्ध'पासून आलेल्या 'साडे'चं राज्य पूर्वी चारापासून सुरू होई. त्याच्या अलीकडे दीड, अडीच, औट ही तीन वतनं होती. साडेतीन हा शब्दही जुनाच. साडेतीन मुहूर्त आहेत, साडेतीन पीठं आहेत, पेशवाईतले साडेतीन शहाणे आहेत. दोघं शेजारी शेजारी नांदत होते. मग औट गेला आणि त्याची जमीन शेजाऱ्यानं कसली. सीमा एक घर मागे सरकली, आणि भाषेत कुठेही आवाज झाला नाही.

औट साधा बाजारचा शब्द होता असंही नाही. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात कुंडलिनीच्या वेटोळ्यांसाठी ज्ञानदेवांनी हाच शब्द वापरला आहे. माणसाचा देह ज्याच्या त्याच्या हातानं औट हात, हे तर संतांच्या बोलण्यात मुरलेलं माप. संस्कृत ग्रंथकारांनी प्राकृत 'अद्धुट्ठ' ऐकून त्याचं उलट संस्कृत करून 'अध्युष्ट' घडवलं. पोराच्या नावावरून बापाचं नाव ठेवावं तसं झालं ते. गुजरातीत ह्याच पाढ्याला ऊठां म्हणतात, हिंदीत हूंठा. एवढा मोठा गोतावळा होता.

ह्या पाढ्यांचा उपयोग काय होता? मला वाटतं इथे लोक फसतात. त्यांना वाटतं, ही नुसती घोकंपट्टी. आबांच्या तोंडी हिशेबाच्या काही रीती असत. त्यातली एक अशी: मणाला जितके रुपये, अडीच शेराला तितके आणे. ज्वारी मणाला चोवीस रुपये, तर अडीच शेराला चोवीस आणे, दहा शेराला शहाण्णव आणे, म्हणजे सहा रुपये. कागद नाही, पेन्सिल नाही. हे खरं का होतं? वजनी मणाचे चाळीस शेर, रुपयाचे सोळा आणे. चाळिसाला सोळांनी भागा, अडीच येतात. मला हे पहिल्यांदा पडताळून पाहिल्यावर समजलं, की अडीचकी पाठ करण्यामागे एवढं कारण होतं. तसंच, शेराला जितके रुपये, छटाकेला तितके आणे, दोन्हीकडे सोळाच. आणि सोनाराच्या पेढीवर: तोळ्याला जितके रुपये, गुंजेला त्याच्या दुप्पट पै. आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा, म्हणजे तोळ्यात शहाण्णव गुंजा; आणि रुपयात एकशे ब्याण्णव पै. मापं आणि नाणी एकमेकांच्या मापानं बेतलेली होती, अंगरखा आणि अंगासारखी. ज्याला हे शब्द कळत त्याला भाव कळे. ज्याला कळत नसत तो दुकानदाराच्या तोंडाकडे पाहत बसे.

आणि इथे मला दुसरी बाजू लिहिलीच पाहिजे, कारण आबांनीच ती मला सांगितली होती. ही व्यवस्था गरिबाला नाडत होती. मापी शेर वेगळा, वजनी शेर वेगळा. कच्चा शेर वेगळा, पक्का वेगळा. ह्या गावची पायली त्या गावच्या पायलीला जुळेल ह्याची खात्री नसे. घेताना शीग लावून घ्यायचं, मापावर धान्याचा शंकू उभा राहील इतकं. देताना काठावरून हात फिरवून सपाट द्यायचं. कुळाच्या खळ्यावरचं माप मोठं आणि दुकानातलं लहान, हे उघडं गुपित होतं. आबा सांगत, "शीग कुणाची, ते माप सांगत नाही." पुढं देशानं दशमान स्वीकारलं ते योग्यच केलं. १ एप्रिल १९५७ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. १ ऑक्टोबर १९५८पासून किलोग्रॅम आणि मीटर टप्प्याटप्प्यानं बाजारात आले आणि १९६२पर्यंत शेराचं वजन तागडीवरून कायद्यानं उतरलं. एकच किलो, गडचिरोलीत तोच आणि गोरेगावात तोच. ह्यात मला तसूभरही वाईट वाटत नाही.

मग दुःख कसलं? शेर गेला ते ठीक. पण औटकीचा शेराशी काय संबंध होता? औट ही संख्या आहे. ती साडेतीन शेराला जशी लागू, तशीच साडेतीन किलोला. पाऊणकी पाऊण लिटरलाही चालते. शब्दांच्या त्या घरात दोन वेगळी माणसं राहत होती, एक एककं आणि दुसरे अपूर्णांक. एकाला घर सोडायची नोटीस आली आणि आपण दोघांचंही सामान रस्त्यावर ठेवलं. आण्याच्या मरणाची तारीख सरकारी दप्तरात आहे. चार आण्याचं नाणं, पंचवीस पैशांच्या रूपात का होईना, ३० जून २०११पर्यंत चलनात तग धरून होतं. औटकी कधी गेली ह्याची कुठेही नोंद नाही. एखाद्या वर्षी पाठ्यपुस्तकात ती नव्हती, एखाद्या संध्याकाळी परवचा झाला नाही, आणि संपलं.

आण्याला पुरायलाही जुनाच शब्द लागला, हे मला विसरता येत नाही: आण्याचे सव्वासहा नवे पैसे.

एक गोष्ट मनाला फार लागून आहे. २०१९ साली दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'बावीस'च्या जोडीला 'वीस दोन' असं वाचन दिलं, तेव्हा महाराष्ट्रभर केवढा गदारोळ झाला. मंगला नारळीकरांसारख्या जाणत्या गणितज्ञ बाईंनी शांतपणे समजावून सांगितलं, की हा पर्याय अडखळणाऱ्या मुलांसाठी आहे. लोक हळहळत होते ते मला समजत होतं, आणि बाईंचं म्हणणंही पटत होतं. पण मनात येत होतं, ही हळहळ औटकीच्या वाट्याला का आली नाही? 'बावीस'ला पर्याय आला तर आपण पेटून उठलो. 'औट' अख्खा गेला तेव्हा घरातलं कुणी दाराशीही आलं नाही.

भास्कराचार्यांनी ११५०च्या सुमारास लीलावती लिहिली तेव्हा गणिताच्या आधी परिभाषा मांडली. वीस वराटकांची काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म. दोन यवांची गुंजा. आठ यवोदरांचं अंगुळ, चोवीस अंगुळांचा हात. चार कुडवांचा प्रस्थ, चार प्रस्थांचा आढक. मी लग्नघरात पुतणीच्या मुलाला जे सांगत होतो तेच, शब्दाच्या खांद्यावर शब्द. फरक एवढाच, की आचार्यांचा मनोरा खाली जमिनीला टेकतो: यवाच्या दाण्याला, गुंजेच्या बीला, माणसाच्या हाताला. कुठल्याही परिभाषेला शेवटी असं कुठेतरी टेकावं लागतं. किलोग्रॅमसुद्धा २०१९पर्यंत पॅरिसजवळच्या एका तिजोरीत ठेवलेल्या धातूच्या दंडगोलावर टेकून होता. आणि त्या जुन्या शब्दांचं आयुष्य तरी किती! गुंज सोनारांच्या तोंडी कालपरवापर्यंत होती. कुडव गोव्यातल्या भातशेतीत राहिला. तिथे वीस कुडवांची खंडी. आचार्यांचा कुडव आणि गोव्याचा कुडव एका आकाराचे नाहीत, पण नाव तेच, आणि त्यात भरायचं धान्यही.

काही शब्द असे मेले नाहीत, ते रिकामे झाले. हे मला मरणाहून वाईट वाटतं. आज सराफाकडे 'तोळा' म्हटलं की दहा ग्रॅम समजतात. खरा तोळा ११.६६ ग्रॅमचा. नाव राहिलं आणि आतून दीड ग्रॅमहून जास्त सोनं निघून गेलं. जमिनीच्या व्यवहारात मात्र आणा अजून शाबूत आहे: सोळा आण्यांचा गुंठा, तेहतीस फूट बाय तेहतीस फूट; चाळीस गुंठ्यांचा एकर. पिकाची आणेवारी होती, तिची पैसेवारी झाली. पन्नास पैशांच्या खाली गेली की शेतकऱ्याला दुष्काळ कळतो. 'पायलीला पन्नास' म्हणणाऱ्यानं पायली पाहिलेली नसते. तोळामासा प्रकृतीचा माणूस डॉक्टरकडे जाऊन किलोत वजन करतो.

आणि औट? तो एका जागी उरला आहे. राजकारणात एखादं सरकार आलं आणि पडलं, की मथळा येतो: औटघटकेचं राज्य. मराठी वर्तमानपत्रांनी हा शब्द जपला ह्याबद्दल मी त्यांचा ऋणी आहे. पण वाचणाऱ्याला 'थोड्या वेळाचं' एवढाच अर्थ पोचतो. घटका म्हणजे चोवीस मिनिटं, साठ घटकांचा दिवस. औट घटका म्हणजे साडेतीन घटका, चौऱ्याऐंशी मिनिटं. तीन घटका पूर्ण झाल्या आणि चौथी अर्ध्यावर असतानाच संपलं, असं ते राज्य. म्हणजे शब्दात मोजमाप होतं. आता त्यात फक्त सूर उरला आहे.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी पाहुणे पांगले. पुतणीचा मुलगा मापटं घेऊन माझ्याकडे आला. काल गोळा केलेले तांदूळ परातीत होते. म्हटलं, मापून बघू. तो भरायला लागला तसा मी त्याला थांबवलं, पहिल्याला एक म्हणायचं नाही, लाभ म्हणायचं. त्यानं विचारलं नाही का ते. मापटं भरलं, काठावरून हात फिरवला, पातेल्यात ओतलं. लाभ. दुसरं भरलं. दोन. तिसरं भरताना दोन दाणे उडाले ते त्यानं वेचून परत घातले. तीन. मग परातीत हात फिरवून त्यानं उरलेसुरले सगळे तांदूळ ओंजळीनं मापट्यात टाकले आणि आत डोकावला.

"चौथं अर्धंच भरलंय," तो म्हणाला.

मी त्याला त्याचं नाव सांगितलं.